फ्रियर साहेबांची माकुडी

मंडळी, या वीकेंडचा विषय दगड. म्हणजे दगडासारखी दिसणारी झाडं.

१८११ साली विल्यम बर्चेल नावाचा इंग्रज दक्षिण आफ्रिकेत, आजच्या प्रीस्का गावाजवळ, भटकत होता. त्याने एक विचित्र आकाराचा गोटा उचलला आणि बघतो तर काय, ते झाड निघालं! पुढे १९२२ मध्ये एन. ई. ब्राउन या वनस्पतिशास्त्रज्ञाने असल्या झाडांना लिथॉप्स हे नाव दिलं. दोन जाड पानं, मध्ये एक चीर, संपलं झाड. नवीन पानांची जोडी जुन्या जोडीतलं पाणी शोषून वाढते. त्या दिवसांत वरून पाणी घातलं की झाड गेलंच. हल्ली ती आपल्याकडे ऑनलाइन मिळतात, पण मुलुंडच्या जुलैमधल्या हवेत ती जगवायची म्हणजे दुष्काळातल्या झाडाला नळाखाली बसवण्यासारखं आहे. वर छप्पर, खाली नुसती खडी आणि पाणी पूर्ण बंद, एवढं केलं तर थोडी आशा.

मग वाटलं, आपल्या सह्याद्रीत दगड पुष्कळ, दगडावरचं आपलं असं झाड नाही का? आहे. शिंदळ माकुडी. (हो, शब्द चारचौघांत उच्चारण्यासारखा नाही, पण नाव तेच आहे.) शास्त्रीय नाव फ्रेरिया इंडिका. जगात फक्त महाराष्ट्रात सापडते, तीही शिवनेरी, वज्रगड, महाबळेश्वर अशा मोजक्या ठिकाणच्या कड्यांवर.

लिथॉप्ससारखा दगडाचा हुबेहूब वेष ती घेत नाही, हे आधीच सांगतो. पण उन्हाळ्यात पानं गळून पडतात आणि उरतात खडकाच्या भेगेतून लोंबणाऱ्या करड्या-हिरव्या जाड कांड्या. समोर असूनही दिसत नाहीत. पावसाळा आला की त्याच कांड्यांना मांसल हिरवी पानं फुटतात. बाकीच्या माकुड्यांचं खोड चौकोनी आणि जवळजवळ बिनपानाचं, हिचं खोड गोल आणि पानं खरीखुरी. ओळखायची खूण हीच. फूल पाच कोनांचं, गडद तांबडं, वर पिवळे ठिपके. वास मात्र सडक्या मांसाचा, कारण गिऱ्हाईक माश्या!

हिचं वर्णन केलं निकोल डॅलझेल यांनी, १८६० च्या दशकात. हा माणूस आधी मुंबईच्या कस्टम्समध्ये होता, मग मुंबई इलाख्याच्या जंगलखात्याचा प्रमुख झाला. १८६१ चं ‘बॉम्बे फ्लोरा’ हे पुस्तक त्याचं आणि अलेक्झांडर गिब्सनचं. पानं असलेली माकुडी बघून त्याने तिच्यासाठी वेगळी प्रजातीच काढली आणि नाव दिलं तेव्हाचे गव्हर्नर बार्टल फ्रियर यांचं. साहेबाला खूष करण्याची पद्धत कॉर्पोरेटने शोधलेली नाही, एवढंच म्हणतो.

फ्रियर १८६२ ते १८६७ मुंबईचे गव्हर्नर होते. कोटाच्या भिंती त्यांच्याच काळात पडल्या. आणि गंमत पुढे आहे. १८७७ मध्ये ते केप कॉलनीचे गव्हर्नर होऊन दक्षिण आफ्रिकेत गेले. म्हणजे थेट लिथॉप्सच्या मुलखात! तिथे १८७९ चं झुलू युद्ध त्यांच्या अंगाशी आलं आणि १८८० मध्ये त्यांना परत बोलावलं. मुंबईतला फ्रियर रोड आता पी. डिमेलो रोड आहे. ग्रँट रोडचा पूल तेवढा त्यांच्या नावाने ओळखला जातो.

झाडावरच्या नावाचीही अशीच ओढाताण झाली. १९५८ मध्ये गॉर्डन राऊली यांनी ठरवलं की ही वेगळी प्रजाती नाही, ही केरालुमाच. पण ‘केरालुमा इंडिका’ हे नाव आधीच दुसऱ्या झाडाला लागलं होतं. (ते देणारे कोण? तेच लिथॉप्सवाले ब्राउन.) आम्ही याला नेमस्पेस कोलिजन म्हणतो. मग ती झाली केरालुमा फ्रेरी. नंतर डीएनए तपासल्यावर बुसेरोशिया फ्रेरी, कारण तिथेही ‘इंडिका’ची जागा भरलेली! म्हणजे ‘भारतीय’ गेलं आणि गव्हर्नर राहिले. आपल्याकडचे अभ्यासक अजून फ्रेरिया इंडिकाच लिहितात. डीएनएचा कौल मला पटतो, पण जीभ मात्र जुन्या नावावर आहे.

आता खरी अडचण. हे झाड कुंडीत सोपं आहे. कांडी तोडा, दोन दिवस सुकवा, खडीत खोचा, रुजतं. परदेशातल्या काचघरांत ते कित्येक वर्षं आहे. पण एका झाडाच्या शंभर कांड्या म्हणजे कॉपी-पेस्ट, जनुकं तीच. वेगळेपण टिकतं ते कड्यावरच्या बियांतून उगवलेल्या झाडांत. गुराख्यांची पोरं हिची कांडी खातात, जनावरंही सोडत नाहीत, म्हणून ती उरली आहे जिथे बकरीचा पाय पोचत नाही तिथे. पण दोरावरून उतरणारा माणूस पोचतो. दक्षिण आफ्रिकेत लिथॉप्सची भावंडं, कोनोफायटम, गेल्या काही वर्षांत पोत्यांनी उपटून परदेशी विकली गेली. म्हणूनच आयनॅचरलिस्टसारख्या साइटवर धोक्यातल्या झाडांचं नेमकं ठिकाण मुद्दाम धूसर ठेवतात. मीही किल्ल्यांची नावं दिली ती सगळीकडे छापलेली आहेत म्हणून. कडा कुठला ते मेल करून विचारू नका.

सप्टेंबरात शिवनेरीला गेलात तर दुर्बीण न्या. वाट सोडायची गरज नाही. गवत नसलेल्या उभ्या खडकावर पानांचा लोंबता झुपका दिसला तर त्यात तांबडे ठिपके शोधा.