अभिनेत्रीची दृष्टी

१९६० साली विजय तेंडुलकर, अरविंद देशपांडे व श्रीराम लागू यांच्यासह ‘रंगायन’ उभारणाऱ्या विजया मेहता रंगभूमीवरील अभिनेत्री होत्या. पुढे दूरदर्शननाट्याच्या दिग्दर्शिका झाल्यावर, ऐंशीच्या दशकात, त्यांनी लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ छोट्या पडद्यावर आणली.

१८९५ मध्ये पती नारायण वामन टिळकांनी बाप्तिस्मा घेतला, तेव्हा लक्ष्मीबाई काही वर्षे त्यांच्यापासून दूर राहिल्या. पुढे त्या पतीकडे परतल्या आणि कालांतराने स्वतः विचार करून ख्रिस्ती झाल्या. धर्मांतराची कथा सांगताना आम्ही धर्मोपदेशक बहुधा बाप्तिस्म्यापाशी थांबतो. घरातली ताटातूट मात्र विसरतो. ती जाणण्यास दुसऱ्याच्या अंतरंगात शिरणारी अभिनेत्रीची दृष्टी हवी. आम्हांसही ती शिकावी लागेल.