ताम्रपर्णीचा पतंग

पावसाळ्याच्या आरंभी पेडणे व डिचोली महालांतील घरांच्या ओसरीवर, दिव्याशेजारच्या भिंतीला कधी कधी एक भलामोठा पतंग येऊन चिकटतो. पंख पसरले म्हणजे तो वीतभर किंवा त्याहूनही अधिक भरतो. रंग तांबूस, पंखांच्या मध्यावर काचेसारखे पारदर्शक त्रिकोण, आणि पुढील पंखांची टोके सापाच्या फण्यासारखी वळलेली. त्याला तोंड असून नसल्यासारखेच असते. सुरवंट असताना दालचिनी, पेरू, लिंबू अशा झाडांची पाने खाऊन जे साठविले, त्यावरच त्याचे आठ-पंधरा दिवसांचे आयुष्य निभावते. या पाहुण्याला आपण काय म्हणतो आणि जग काय म्हणते, याचा शोध घेऊ लागलो तर एका शब्दाचा दोन सहस्र वर्षांहून मोठा प्रवास समोर येतो. ग्रंथालयाच्या शताब्दीनिमित्त तो वाचकांपुढे मांडावा, एवढाच या लेखाचा हेतू.

प्रथम आपल्या घरचे शब्द पाहू. 'पतंग' हा शब्द 'पत्' धातूपासून झाला आहे. या धातूचा अर्थ उडणे असा आहे आणि पडणे असाही. म्हणून संस्कृत कोशांत पतंग म्हणजे पक्षी, पतंग म्हणजे आकाशातून जाणारा सूर्य, आणि पतंग म्हणजे दिव्यावर झेपावणारा कीटकही. मराठीत त्याला आणखी दोन अर्थ जोडले गेले. एक मुलांनी उडवावयाचा कागदी पतंग, आणि दुसरा ज्याच्या लाकडापासून तांबडा रंग काढतात तो पतंग वृक्ष. दिव्यावर जळणाऱ्या पतंगाचा दृष्टान्त गीतेच्या अकराव्या अध्यायात आहे. भागवताच्या एकादश स्कंधात अवधूताच्या चोवीस गुरूंत पतंगाचीही गणना आहे, आणि एकनाथांनी १५७३ साली वाराणसीत पूर्ण केलेल्या भागवत-टीकेमुळे तो गुरू मराठी घराघरांत पोहोचला. आमच्या कोकणी बोलीत फुलपाखराला 'पिसोळें' म्हणतात. परंतु दिवसाचे पाखरू आणि रात्रीचे पाखरू, लहान आणि थोर, यांची निरनिराळी नावे सांगणारी माणसे आता गावोगाव कमी होत चालली आहेत.

याच मुलुखाने वारुळाला मात्र केवढे मोठे नाव दिले! पेडणे, डिचोली व सत्तरीत वाळवीने उभारलेले वारूळ सातेरीचे रूप म्हणून पूजिले जाते. ज्या समाजाने कीटकाच्या घरात देवता पाहिली, त्याची दृष्टी निसर्गाकडे नव्हती असे कोण म्हणेल? ही नावे टिकली यामागे इतिहासही आहे. १६८४ साली पोर्तुगीज शासनाने हुकूम काढून तीन वर्षांत स्थानिक भाषेच्या जागी पोर्तुगीज आणावी असे फर्माविले. त्या काळी बारदेश, तिसवाडी व साष्टी हे महाल त्यांच्या ताब्यात होते. डिचोली, सत्तरी आणि पेडणे हे महाल १७८० च्या दशकात त्यांच्याकडे गेले, आणि तेथील देवस्थाने व रीतिरिवाज बव्हंशी तसेच राहू दिले गेले. त्यामुळे येथील माणसांची आणि देवांची नावे फारशी बदलली नाहीत.

आता जगाचे नाव. स्वीडिश शास्त्रज्ञ लिनिअस याने १७५८ साली आपल्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत अशाच एका विशाल पतंगाला 'ॲटलास' हे नाव दिले. ग्रीक पुराणांत आकाश खांद्यावर पेलणारा जो महाकाय, तो ॲटलास. पंखांवरील नक्षी नकाशासारखी दिसते म्हणून हे नाव पडले, असेही सांगतात. आपल्या जुन्या मराठीतील 'अतलस' हे रेशमी वस्त्र येथे कोणास आठवेल. पण ते नाव 'गुळगुळीत' या अर्थाच्या अरबी शब्दावरून आले आहे. रेशीम विणणारा कीटक आणि रेशमी कापड यांच्या नावांतील हे साम्य केवळ योगायोगाचे आहे. शब्दांच्या बाबतीत कानाला जे सारखे वाटते ते कुळानेही एक असतेच असे नाही, हे यावरून ध्यानी घ्यावे.

पुढे फ्रेडरिक मूर या इंग्रज अभ्यासकाने हा विषय हाती घेतला. तो लंडनच्या ईस्ट इंडिया कंपनीच्या संग्रहालयात काम केलेला. श्रीलंकेतील फुलपाखरे व पतंग यांवरील त्याचा ग्रंथ १८८० ते १८८७ या काळात तीन खंडांत निघाला. त्यात त्याने तेथील विशाल पतंगाला 'टॅप्रोबॅनिस' असे वेगळे नाव दिले. बराच काळ पुष्कळ अभ्यासक त्याला ॲटलासचाच एक प्रकार मानीत. १९८९ साली या कुळाची नव्याने छाननी झाली आणि श्रीलंका व दक्षिण भारतातील हा पतंग स्वतंत्र जात म्हणून मानला गेला. सह्याद्रीचा पतंग तो हाच. तरी गोव्यात बोलण्यात आणि नोंदींत अद्याप 'ॲटलास' हेच नाव अधिक आढळते.

'टॅप्रोबॅनिस' म्हणजे टॅप्रोबेनचा. ग्रीक लेखक श्रीलंकेला टॅप्रोबेन म्हणत, आणि हे त्यांनी आपल्याकडूनच ऐकलेल्या शब्दाचे रूपांतर होते. मूळ शब्द 'ताम्रपर्णी', पालीत 'तंबपण्णी'. अशोकाच्या गिरनार येथील शिलालेखात हे नाव कोरलेले आहे. महावंसात त्याची एक कथा येते. विजयाचे सोबती लंकेच्या किनाऱ्यावर उतरून हात टेकून बसले, आणि तेथील मातीने त्यांचे तळवे तांबडे झाले, म्हणून ते नाव. तमिळनाडूत तिरुनेलवेलीकडे ताम्रपर्णी नदी आहे. आणि आपल्या अगदी शेजारी, चंदगड तालुक्यातून घटप्रभेला मिळणारी नदीही ताम्रपर्णीच! १५५३ साली गोव्यात आलेला पोर्तुगीज कवी कामोंइश याने १५७२ च्या आपल्या महाकाव्याच्या पहिल्याच कडव्यात 'ताप्रोबाना'चा उच्चार केला. अशा रीतीने हा शब्द संस्कृतातून पालीत, पालीतून ग्रीकांत, ग्रीकांतून पोर्तुगिजांत आणि शास्त्रज्ञांच्या लॅटिनमध्ये फिरून, तांबूस पंखांच्या पतंगावर बसून आमच्या तांबड्या मातीच्या ओसरीवर परत आला. ताम्रपर्णाचा, म्हणजे तांब्याच्या पानाचा, हा अर्थ त्याच्या रूपाला किती शोभतो! मूरने नाव ठेविले ते बेटावरून. रंगाशी जुळले ते दैवयोगाने.

शास्त्राची ही नावे माणसांच्या घरातही नांदतात. चांद्रपतंगाचे नाव 'सेलेने' या ग्रीक चंद्रदेवतेवरून पडले. एरी रेशमाच्या पतंगाच्या सोयऱ्याचे नाव 'सिंथिया', हे त्याच परंपरेतील अर्तेमिस देवीचे उपनाव. गोव्यातील ख्रिस्ती घरांत सिंथिया नावाची लेक असते, शेजारच्या हिंदू घरात इंदू किंवा चंद्रिका असते. नावे दोन, मागचा चंद्र एकच.

मात्र एक चिंता बोलून दाखविली पाहिजे. डिचोलीच्या डोंगरांवर गेल्या शतकात खाणी आल्या. रान हटले की त्यातले पाखरू हटते, आणि पाखरू हटले की त्याला हाक मारणारा शब्दही थोड्याच वर्षांत विसरला जातो. शास्त्राचे नाव ग्रंथात टिकेल, पण आजीने नातवाला दिव्याशेजारी बोट दाखवून सांगितलेले नाव कोणी टिपून ठेविले नाही, तर ते तिच्याबरोबरच जाईल.

मराठीत 'कोश' म्हणजे सुरवंटाने स्वतःभोवती विणलेले रेशमी घर, आणि शब्दांचे भांडारही कोशच. भालचंद्र नेमाडे यांच्या १९६३ च्या 'कोसला' या कादंबरीच्या नावातही तेच रेशमी घर आहे. ग्रंथालय शतायुषी होते ते केवळ कपाटांतील ग्रंथांमुळे नव्हे. सभासदांनी या शताब्दी वर्षात आपापल्या गावातील पाखरांची, किड्यांची, झाडांची नावे वडीलधाऱ्यांकडून विचारून एका वहीत लिहून ग्रंथालयाच्या स्वाधीन करावीत, अशी नम्र विनंती आहे. त्या वहीतील पहिल्या पानावर, ज्याला आज आपण केवळ 'मोठा पतंग' म्हणतो, त्याच्यासाठी एक ओळ राखून ठेवावी.