कॅप्टन मेरीमन : सॅपर्सचा गोलरक्षक

आज एका फौजी गोलरक्षकाची ओळख करून देतो. नाव विल्यम मेरीमन, हुद्दा कॅप्टन, संघ इंग्लंडमधल्या चॅटम छावणीचा रॉयल इंजिनिअर्स. फौजेत ज्यांना आपण सॅपर्स म्हणतो, तेच हे लोक. फुटबॉलचे पैसे मिळत नसत. ड्यूटी सांभाळून खेळायचे.

त्या काळचा गोल कसा होता? जाळी नाही, वर आडवा दांडा नाही. दोन खांबांमध्ये नुसती फीत ताणलेली. गोलरक्षकाला हात वापरण्याची मुभा नियमांत आली ती १८७१ साली. अंगावर धावून येऊन त्याला खांद्याने ढकलले, तरी तो गुन्हा नव्हे.

१६ मार्च १८७२. लंडनचे ओव्हल मैदान. पहिल्या एफ.ए. कपची अंतिम लढत, समोर वाँडरर्स. जिंकणार इंजिनिअर्सच, असा सगळ्यांचा अंदाज. पण सुरुवातीलाच लेफ्टनंट क्रेसवेल यांचे गळ्याजवळचे हाड मोडले. बदली खेळाडू नसायचा. ते तसेच मैदानात राहिले. बेट्सने गोल केला आणि सामना १-० असा गेला. वाँडरर्सचे हल्ले त्यानंतरही चालूच होते. आकडा एकावरच थांबला तो मेरीमनमुळे, आणि वर्तमानपत्रांनी हरलेल्या संघाच्या या गोलरक्षकाची तारीफ केली.

१८७४ साली पुन्हा अंतिम सामना. ऑक्सफर्ड विद्यापीठाने २-० ने हरवले. १८७२ च्या संघातले लेफ्टनंट गुडविन तोवर हिंदुस्थानात आले होते. त्याच मार्च महिन्यात रुडकीला त्यांचा मृत्यू झाला.

फौजी संघाची खरी अडचण इथे दिसते. हातपाय जुळतात तोच पोस्टिंगचा हुकूम येतो. १८७२ चे अकरा आणि १८७५ चे अकरा शेजारी ठेवून पाहा. दोन्ही यादींत फक्त दोन नावे सापडतात : गोलमध्ये मेरीमन आणि पुढे मसुरीत जन्मलेले रेनी-टेलर.

१८७५ मध्ये मेरीमन मेजर होते आणि संघाचे कप्तानही. समोर ओल्ड इटोनियन्स. १३ मार्चला वारा जोरात होता. प्रत्येक गोलनंतर बाजू बदलण्याचा नियम असल्याने वाऱ्याची साथ बहुतेक वेळ इटोनियन्सनाच मिळाली. तरी सामना १-१ असा सुटला. तीन दिवसांनी फेरसामना झाला. इटोनियन्सचे काही नेहमीचे खेळाडू आले नव्हते, हेही सांगायला हवे. इंजिनिअर्स २-० ने जिंकले. रॉयल इंजिनिअर्सने एफ.ए. कप जिंकला तो एवढाच एकदा.

गोल करणाऱ्याचे नाव धावफलकावर येते. गोलरक्षकाचे काम शून्यात मोजतात. दोनदा हरूनही मेरीमन आपल्या जागी उभे राहिले, पुढचे गडी बदलत गेले तरी नव्या गड्यांना मागे भरवशाचा माणूस मिळाला. पलटणीत अशा माणसाची किंमत त्याची बदली झाल्यावर कळते.