पुष्पमाला एन. : कॅमेऱ्यासमोरची स्त्रीरूपे

पुष्पमाला एन. यांचा जन्म १९५६ साली बेंगळुरूत झाला. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात त्यांनी शिल्पकलेचे शिक्षण घेतले आणि सुरुवातीला शिल्पेच घडवली. १९९०च्या दशकाच्या मध्यापासून त्या स्वतः कॅमेऱ्यासमोर उभ्या राहू लागल्या. वेशभूषा, रंगभूषा आणि नेपथ्याच्या आधारे एखादी परिचित स्त्रीप्रतिमा साकारायची आणि तिची छायाचित्रे काढायची, या प्रकाराला ‘फोटो-परफॉर्मन्स’ म्हणतात.

‘फँटम लेडी ऑर किस्मत’ (१९९६–९८) या मुंबईत चित्रित झालेल्या मालिकेतील मुखवटाधारी नायिकेवर ‘हंटरवाली’ या चित्रपटामुळे गाजलेल्या अभिनेत्री नादियाची छाप आहे.

छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्यासह केलेली ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया’ (२०००–०४) ही त्यांची एक विस्तृत मालिका. तिच्यात राजा रविवर्म्याच्या चित्रातली चांदण्यातली स्त्री पदराच्या चुण्यांसह पुन्हा उभी केलेली आहे. दुसऱ्या एका छायाचित्रात पुष्पमाला चौकटी आखलेल्या पडद्यापुढे उभ्या आहेत. एकोणिसाव्या शतकातले ब्रिटिश मानववंशशास्त्रज्ञ ‘नेटिव्ह’ माणसांची शरीरे अशाच चौकटींवर मोजत. सौंदर्याचा आदर्श आणि मोजमापाचा नमुना अशा दोन्ही रूपांत एकच कलावती दिसल्याने, स्त्रीचे ‘अस्सल’ रूप हेही रचलेलेच असते, हे उघड होते.

‘राष्ट्रीय खीर अँड देसीय सॅलड’ (२००४) या लघुपटात त्यांनी जुन्या पाककृतींच्या वह्यांतील मजकूर वापरून स्वातंत्र्योत्तर काळातल्या आदर्श कुटुंबाची आणि गृहिणीची प्रतिमा तपासली. पुढे भारतमातेची प्रतिमाही त्यांच्या कामाचा विषय झाली.