केळफांची हातचलाखी
प्रोफेसर केळफा हे नाव उलटे वाचा: फाळके! १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणण्याआधीपासून दादासाहेब जादूचे प्रयोग करीत. पुढे ती जादू त्यांनी चित्रपटातही उतरवली.

अडचण इथेच आहे. कॅमेरा मध्येच थांबवला की नाणे बोटांच्या कष्टाशिवाय नाहीसे होते, आणि ही युक्ती फाळक्यांना पुरेपूर ठाऊक होती. हातचलाखी जपायची तर चित्रण अखंड हवे, दोन्ही हात चौकटीत हवेत. मूकपटात जादूगाराचे बोलणेही हरवते. प्रेक्षकाची नजर तर त्यानेच वळते. (आयुष्यभर साखरेच्या गोळ्या हाताळूनही वाटीखालची गोळी मला सापडत नाही.) आपल्या हैदराबादेत दखनीत बोलत असा खेळ करणारा कोणी भेटला, तर त्याला विचारून, फोन न हलवता, आवाजासकट शेवटपर्यंत टिपा.