इंद्रवज्राची तारीख

हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्याबद्दल गुगल केलंत तर एक माहिती हमखास भेटते: कर्नल साइक्स नावाच्या इंग्रजाने १८३५ साली इथून इंद्रवज्र पाहिलं. ट्रेकच्या जाहिराती, ब्लॉग, रीलची कॅप्शन्स. शब्द बदलतात, साल तेच राहतं. अडचण एवढीच की १८३५ साली साइक्स भारतात नव्हताच.

आधी इंद्रवज्र म्हणजे काय ते बघू. कोकणातून वर चढलेलं धुकं कड्याच्या तोंडाशी येऊन थांबतं. तुम्ही काठावर उभे, सूर्य पाठीमागे, क्षितिजापासून थोडाच वर. समोरच्या धुक्यावर तुमची सावली पडते आणि तिच्या डोक्याभोवती सप्तरंगी कडं उमटतं. अर्धवट कमान नाही, पूर्ण गोल. कडा पश्चिमेला तोंड करून उभा आहे, त्यामुळे कोकणाकडे बघताना सूर्य पाठीशी यायचा तर वेळ सकाळचीच हवी. धुकं कड्यावरून आत आलं की खेळ खलास, खाली उतरलं तरी खलास. म्हणून हे परत परत घडतं, पण ठरवून दिसत नाही.

मी केडगावचा, म्हणजे नगर शहराच्या पुणे रस्त्याकडच्या टोकाचा. गड आमच्याच जिल्ह्यात, पण आमच्याकडे आभाळाकडे डोळे लावून बसायचे दिवस असतात तेव्हा अकोल्याचे डोंगर ढगात बुडालेले असतात. तरीही जिल्ह्याबद्दल अभिमानाने सांगायच्या गोष्टींमध्ये हे इंद्रवज्र आम्ही घेतोच. मग त्याची तारीख तरी नीट हवी.

विल्यम हेन्री साइक्स ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबईच्या लष्करातला अधिकारी. पेशवाई १८१८ मध्ये संपली आणि कंपनीला नव्याने हाती आलेला मुलूख मोजायचा होता. १८२४ मध्ये साइक्सची नेमणूक दख्खनची आकडेवारी गोळा करण्यासाठी झाली. पिकं, लोकसंख्या, पक्षी, हवेचा दाब, दव, धुकं, सगळं तो टिपत गेला. ‘साइक्सचा चंडोल’ या पक्ष्याच्या इंग्रजी नावातला साइक्स तो हाच. १८३१ मध्ये तो इंग्लंडला परतला. दख्खनच्या हवामानावरचा त्याचा मोठा निबंध लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात छापून आला, तो १८३५ मध्ये. हरिश्चंद्रगडावरच्या गोल इंद्रधनुष्याचं वर्णन त्याच निबंधात आहे.

म्हणजे १८३५ हे छापण्याचं साल आहे, बघण्याचं नाही. आमच्या कामात प्रत्येक नोंदीला दोन वेळा असतात: घटना कधी घडली आणि ती सिस्टिममध्ये कधी लिहिली गेली. दोन्हींची सरमिसळ झाली की पुढचा सगळा हिशेब चुकतो. इथे तेच झालं. साइक्सने हे दृश्य उशिरात उशिरा १८३१ पर्यंत पाहिलेलं असणार. आणि एकदाच नाही, अनेकदा पाहिल्याचं तो स्वतःच लिहितो.

पण त्या वर्णनात तारखेपेक्षा मोठी गोष्ट आहे. साइक्स एकटा नव्हता. वर्तुळात त्याची सावली होती, घोड्याची होती आणि सोबतच्या माणसांचीही होती. धुक्यातल्या त्या आकृत्या आपल्याच सावल्या आहेत, हे माणसांना पटेना. मग त्यांनी हातपाय हलवून पाहिले, शरीर वेगवेगळ्या तऱ्हेने वाकवून पाहिलं. समोरच्या आकृत्याही तसंच करतात, याची खात्री करून घेतली. त्यांची अंधश्रद्धाळू भीती जायला थोडा वेळ लागला, असं साइक्स लिहितो.

मला यात अंधश्रद्धा कमी आणि प्रयोग जास्त दिसतो. शंका आली, एक गोष्ट बदलून पाहिली, परिणाम तपासला, मग मान्य केलं. यालाच आपण टेस्टिंग म्हणतो. त्या सकाळी कड्यावर प्रयोग कुणी केला असेल तर तो या माणसांनी. साइक्सने तो लिहून ठेवला, याचं श्रेय त्याचं. पण घोड्यासारखीच ही माणसंही निबंधात बिननावाची राहिली.

जगात इतरत्र हेच दृश्य वेगवेगळ्या नावांनी ओळखलं जातं. जर्मनीतल्या ब्रोकन शिखरावरून त्याला ‘ब्रोकनचं भूत’ म्हणतात. चीनमधल्या अमेई पर्वतावर तो ‘बुद्धाचा प्रकाश’ आहे. अठराव्या शतकात पृथ्वीचा आकार मोजायला दक्षिण अमेरिकेत गेलेल्या बुगेर आणि उल्लोआ यांनाही अँडीज पर्वतात ते दिसलं. १८९४ मध्ये स्कॉटलंडच्या बेन नेव्हिसवर सी. टी. आर. विल्सन या तरुण शास्त्रज्ञाने अशी रंगीत कडी पाहिली आणि असे ढग प्रयोगशाळेत तयार करायचं मनावर घेतलं. त्यातूनच पुढे अणूहून सूक्ष्म कणांचे माग दाखवणारी मेघपेटी तयार झाली आणि १९२७ मध्ये विल्सनला नोबेल मिळालं.

शास्त्र थोडक्यात असं: धुक्यातले अतिसूक्ष्म थेंब प्रकाशाला जवळपास आल्या वाटेनेच परत पाठवतात. त्या परतलेल्या लहरी एकमेकींत मिसळून रंगांची कडी तयार होतात. थेंब जितके बारीक, तितकं कडं मोठं. साइक्सने वर्तुळाचा व्यास जास्तीत जास्त ५०-६० फूट असावा असा अंदाज दिला. पण हे कडं फुटांत मोजायची वस्तूच नाही. ते एखाद्या जागी ठेवलेलं नसतं, बघणाऱ्याच्या डोळ्याशी होणारा तो फक्त एक कोन असतो. विमानात सूर्याच्या विरुद्ध बाजूची खिडकी मिळाली तर खालच्या ढगांवर विमानाच्या सावलीभोवती तुम्हालाही ते दिसू शकतं.

कोन बघणाऱ्याच्या डोळ्याशी होतो, म्हणून कड्याचा मध्य नेहमी त्याच्याच डोक्याच्या सावलीवर पडतो. शेजारच्याची सावली तुम्हाला दिसेल, पण त्याचं कडं दिसणार नाही. अँडीजमधल्या त्या मंडळींच्याही हे लक्षात आलं होतं: प्रत्येकाला तेजोवलय दिसायचं ते फक्त स्वतःच्या डोक्याभोवती.

आता हे हरिश्चंद्रगडाला लावून बघा. साइक्सने ज्याचं वर्णन केलं, ते वर्तुळ त्याच्या डोक्याभोवतीचं होतं. ते त्याच्याशिवाय कुणी पाहिलंच नाही. हात हलवणाऱ्या प्रत्येक माणसासमोर त्याचं स्वतःचं वर्तुळ होतं, तितकंच गोल, तितकंच रंगीत. कड्यावर जितकी माणसं, तितकी इंद्रवज्रं. त्यातल्या एकाचीच नोंद झाली. पुढच्या वेळी कॅप्शन लिहाल तेव्हा १८३५ तर काढाच, पण ‘साइक्सने पाहिलं’च्या जागी ‘साइक्सने लिहून ठेवलं’ असंही करा.