लिली नावाच्या तीन कुंड्या

परवा मला 75वं वर्ष लागलं. माझे जुने विद्यार्थी (आता तेही साठीला टेकलेत!) गोरेगावला घरी आले आणि भलामोठा पुष्पगुच्छ देऊन गेले. पांढरी-गुलाबी, कर्ण्यासारखी फुलं. वासाने खोली भरून गेली. मी कौतुकाने ती जेवणाच्या टेबलावर पाण्यात ठेवली.

आदल्याच दिवशी पुण्याहून नात आली होती, तिची मांजर घेऊन. आंघोळ करून बाहेर आली आणि फुलं बघून किंचाळलीच. "आजी, ही लिली आहे! आधी घराबाहेर काढ." मला वाटलं, हे आताच्या मुलींचं नवीन फॅड. पण ती सांगत होती ते खरं निघालं. लिलीचं पान, परागकण, इतकंच काय फुलदाणीतलं पाणीही मांजरीच्या पोटात गेलं तर मूत्रपिंडं निकामी होतात. डॉक्टरांना फोन झाला. सुदैवाने बाईसाहेब सकाळपासून कपाटावर झोपलेल्या होत्या. फुलं शेजारी गेली आणि आम्ही सुटकेचा श्वास टाकला.

मग नातीने खिडकीकडे बोट दाखवलं. "आणि या तुझ्या लिल्यांचं काय?"

मंडळी, पस्तीस वर्षं मी मुलांना शब्दांचे अर्थ सांगितले. या एका शब्दापुढे मात्र निरुत्तर झाले. मग बसले शोधायला. जे सापडलं ते फार गमतीचं आहे.

आमच्या खिडकीत तीन कुंड्या आहेत आणि तिन्हींना घरात आम्ही लिलीच म्हणतो. पहिली पीस लिली. हिरवीगार पानं आणि नागाच्या फण्यासारखं पांढरं फूल. हिचं माहेर कोलंबियाच्या रानात. गुस्ताव वॉलिस नावाचा जर्मन माणूस दक्षिण अमेरिकेत झाडं गोळा करत हिंडायचा, त्याच्या नावावरून 1877 साली तिच्या एका जातीचं बारसं झालं. पुढच्याच वर्षी तो तिकडेच, इक्वेडोरमध्ये वारला. पण इतक्या लांबून जिवंत झाडं युरोपच्या दिवाणखान्यात पोचायची कशी? त्याची वाट लंडनच्या डॉ. वॉर्ड यांनी आधीच काढून ठेवली होती. 1829च्या सुमारास त्यांनी बंद बरणीत एक कोश ठेवला होता, पतंग कधी बाहेर येतो ते पाहायला. बरणीतल्या ओल्या मातीत नेचाच उगवला! त्यावरून त्यांनी काचेच्या बंद पेट्या केल्या आणि 1833 साली त्यांतून झाडं थेट सिडनीपर्यंत धाडली. खारं वारं लागलं नाही, गोडं पाणी लागलं नाही. घरात झाडं ठेवायचा शौक जगभर पसरला त्यात या पेट्यांचा मोठा वाटा आहे.

आता गंमत ऐका. पीस लिली मुळी लिली नव्हेच. ती अळवाच्या कुळातली. अळू नीट शिजलं नाही की घशाला खाज सुटते ना, तीच खाज हिच्या पानातही असते. मांजरीने चावलं तर तोंड चुरचुरेल, लाळ गळेल, पण मूत्रपिंडं जाणार नाहीत.

दुसरी कुंडी पावसाळी लिलीची. हिचे कांदे माझ्या सासूबाईंच्या हातचे. जुन्या बिल्डिंगच्या मागे त्यांनी ते लावले होते. बिल्डिंग पुनर्विकासाला गेली तेव्हा मी मूठभर कांदे रुमालात बांधून आणले. तेव्हापासून ते सातव्या मजल्यावर ग्रिलमध्ये राहतात. नळाचं पाणी कितीही घाला, माझ्याकडे ते ढिम्म असतात. पहिल्या पावसाचा सपकारा आत आला की चार-सहा दिवसांत गुलाबी फुलं उभी. हीसुद्धा मूळची अमेरिका खंडातली. 1821 साली विल्यम हर्बर्ट या इंग्रज धर्मगुरूंनी तिच्या प्रजातीला जे ग्रीक नाव दिलं, त्याचा अर्थ पश्चिमवाऱ्याचं फूल! आपल्याकडे पाऊस समुद्रावरूनच येतो, त्यामुळे नाव मला फार आवडलं. पण हीही लिली नाही. आजचे शास्त्रज्ञ हिला कांद्या-लसणाच्या कुळात घालतात. कांदा विषारी, खाल्ला तर मांजरीला उलट्या होतील.

तिसरी पांढऱ्या पट्ट्यांच्या पानांची, जिला नर्सरीत स्पायडर प्लांट म्हणतात. ही आफ्रिकेची, मांजरीला निर्धोक. हिची सख्खी नातलग तर आपल्या शेजारीच निघाली. सफेद मुसळीच्या एका जातीचं शास्त्रीय नाव चक्क बोरिवलीवरून आहे! स्पेनमध्ये जन्मलेले आणि सेंट झेवियर्स कॉलेजात शिकवणारे फादर सांतापाव आणि त्यांचे सहकारी फर्नांडिस यांनी 1955च्या सुमारास ते दिलं. रोज लोकलमध्ये ऐकतो ते स्टेशनाचं नाव जगभरच्या वनस्पतिशास्त्रात जाऊन बसलंय.

पूर्वीच्या पुस्तकांत लिलीचं कुळ म्हणजे मोठी धर्मशाळाच होती. कांदा, लसूण, कोरफड, शतावरी, मुसळी सगळे तिथे मुक्कामाला. 1998 पासून जनुकं तपासून शास्त्रज्ञांनी नव्याने घरं वाटली आणि एकेक जण आपापल्या घरी गेला. खरी लिली थंडीतली. आपल्याकडे निलगिरीच्या डोंगरात तिची एक जात आहे. मुंबईच्या उकाड्यात कुंडीत लावली तर एखाद्या वर्षी फुलते, मग कांद्याला हवी तशी थंडी मिळत नाही आणि तो खंगतो. म्हणजे आमच्या घरात खरी लिली आली ती फक्त त्या पुष्पगुच्छातून, आणि नेमकी तीच जीवघेणी.

मुलांना मी नेहमी सांगायची, नावात काय आहे असं म्हणू नका, नावातच सगळं आहे. ते मला या वयात नव्याने कळलं.

सासूबाईंचे दोन कांदे नातीला द्यावेत असं फार मनात होतं. तिच्या आईलाही मी दिले होते. पण मांजर आहे म्हटल्यावर दिले नाहीत. जाताना तिने स्पायडरचं एक पिल्लू पाण्याच्या बाटलीत घालून नेलं. कांदे माझ्या ग्रिलमध्येच आहेत, पावसाची वाट बघत. तिच्याकडे मांजर नसेल तेव्हा देईन म्हणावं, तर तेही बोलवत नाही. बिचारी किती जीव लावते त्या मांजरीला!

असो. तुमच्या खिडकीत कोणती लिली आहे? आणि घरात मांजर असेल तर आजच एकदा बघून घ्या.